मेलेल्यांचं पुलित्झर

१९३२ साली न्यूयॉर्क टाइम्सच्या वॉल्टर ड्युरँटीला पुलित्झर मिळालं. स्टालिनच्या रशियावरच्या १९३१च्या लेखांबद्दल. पुढच्या वर्षी युक्रेनात माणसं लाखांनी मेली. गॅरेथ जोन्स त्या गावांतून पायी हिंडला, खायला भाकर नाही म्हणून बोंबलला. तर हा गडी मॉस्कोत बसून छापतो, लोक भुकेले आहेत, पण भूकबळी नाहीत!

२००३ साली बक्षीस काढून घ्या अशी मागणी झाली. टाइम्सनंच नेमलेल्या इतिहासकारानं १९३१चे लेखही एकतर्फी ठरवले. मंडळ काय म्हणालं? दुष्काळ नंतरचा, आणि मुद्दाम फसवल्याचा स्पष्ट पुरावा नाही. वा रे न्याय!

१९८१ साली वॉशिंग्टन पोस्टच्या जॅनेट कुक या काळ्या पोरीला हेरॉइनच्या नादी लागलेल्या, मनानंच रचलेल्या आठ वर्षांच्या पोराच्या गोष्टीबद्दल पुलित्झर मिळालं. दोन-तीन दिवसांत बक्षीस परत, नोकरी खलास. झालं ते बरोबरच, खोटं ते खोटं. पण नसलेल्या एका पोराचा हिशोब आठवड्याच्या आत लागतो. असलेल्या, मेलेल्या लाखोंचा सत्तर वर्षांनीही का लागू नये? ड्युरँटीचं नाव पुलित्झरच्या यादीत अजून तसंच आहे.