फुरसुंगीचा फेणे

माझं ऑफिस फुरसुंगीत आहे. भा. रा. भागवतांचा (१९१०–२००१) बनेश ऊर्फ फास्टर फेणे याच गावचा! म्हणून त्याच्या गोष्टी परत वाचल्या. योगायोग आता खटकतात. चोर नेमके बन्याच्याच वाटेत येतात. पण लहानपणी निसटलेलं एक दिसलं. बन्या काडीपैलवान आहे आणि त्याची हुशारी मार्कांत मोजलेली नाही. सायकल आणि चौकस नजर, एवढंच त्याचं भांडवल. ज्यूल व्हर्न मराठीत आणणाऱ्या भागवतांचा पोरांच्या कुतूहलावर पुरता भरवसा होता. काही अजब दिसलं की बन्या ‘टॉक्’ करतो. मी मार्कांच्या जोरावर इंजिनिअर झालो. शेवटचं ‘टॉक्’ कधी केलं, आठवत नाही. तुम्हाला आठवतंय?