बालगंधर्व आणि बोलपट : एका रूढ मताची फेरतपासणी

नारायण श्रीपाद राजहंस ऊर्फ बालगंधर्व यांना बोलपटांत यश का लाभले नाही, याची चर्चा करताना समीक्षक बहुधा दोन कारणे पुढे करतात : वय आणि पुरुषभूमिका. 'प्रभात'चा 'धर्मात्मा' १९३५ साली प्रदर्शित झाला तेव्हा ते ४७ वर्षांचे होते, आणि त्यांत त्यांनी संत एकनाथांची भूमिका केली होती. ही कारणे निराधार नव्हेत. अपुरी मात्र खास आहेत. पुरुषवेष हाच अडथळा असता, तर 'साध्वी मीराबाई' (१९३७) या बोलपटात मीरेच्या वेषात तो दूर व्हावयास हवा होता. तसे घडले नाही. वयाचे म्हणावे, तर त्यानंतरही कित्येक वर्षे रंगभूमीवर ते स्त्रीभूमिका करीत होते.

खरे कारण त्यांच्या नाट्यभाषेच्या घडणीत शोधावयास हवे. जन्म (१८८८) आजच्या सांगली जिल्ह्यातील नागठाण्याचा. सातारा जिल्ह्यातही याच नावाचे गाव असल्याने घोटाळा होतो. १९०५ मध्ये मिरजेस किर्लोस्कर मंडळीच्या 'शाकुंतला'त त्यांनी प्रथम शकुंतला रंगविली. हा सारा मुलूख विष्णुदास भाव्यांचा. १८४३ साली सांगलीत झालेल्या 'सीतास्वयंवरा'त सूत्रधार पदे गाऊन प्रेक्षकांनाच कथा सांगत असे. पुढे संगीत नाटकात सूत्रधाराचे हे गाणे पात्रांच्या मुखी आले. प्रेक्षकाभिमुखता मात्र टिकली. 'मानापमाना'तील भामिनी किंवा 'स्वयंवरा'तील रुक्मिणी पद गाते ते नाटकातील दुसऱ्या पात्रासाठी नव्हे, समोरच्या 'मायबापां'साठी. (ही दोन्ही नाटके लिहिणारे खाडिलकरही सांगलीचेच.) 'वन्स मोअर' येताच पद पुन्हा सुरू होई, आणि दर वेळी त्याचा विस्तार निराळा असे. नाटकाचे कथानक तेवढा वेळ थांबे, आणि त्याचा विषाद कोणासच नसे.

संवादाचा दुसरा पक्षच असा प्रेक्षागृहात बसलेला असताना, तो काढून घेतला की उक्ती अर्धीच उरते. 'धर्मात्म्या'तील गायन आजही गोड वाटते. पण गद्य ऐकताना नट कोणाच्या तरी प्रतिसादासाठी थांबला आहे, असे पुनःपुन्हा जाणवते. कॅमेऱ्यापाशी तो प्रतिसाद नव्हता.

यावर त्यांच्या ध्वनिमुद्रिकांचा आक्षेप घेता येईल. तेथेही श्रोता समोर नव्हता, आणि अवधी जेमतेम तीन मिनिटांचा. तरीही त्या अमाप लोकप्रिय ठरल्या. परंतु मुद्रिका ऐकणारा रंगमंच आपल्या मनात उभा करी. बोलपटाने तो पडद्यावर आयता उभा करून दिला, आणि तो गंधर्वांचा नव्हता.