स्वप्न आणि बरणी

लिन चेरी या अमेरिकन लेखिकेचे ‘अ रिव्हर रॅन वाइल्ड’ (१९९२) हे सचित्र पुस्तक मी वर्गात मराठीतून सांगितले. मॅसॅच्युसेट्समधील नॅशुआ नदीची ही कथा. कागदाच्या गिरण्यांत ज्या रंगाचा कागद होई, त्या रंगाचे पाणी नदीला येई! पानांच्या कडेची चिमुकली चित्रे तर पुनःपुन्हा पाहावीत अशी.

माझे भांडण आहे ते स्वप्नाशी. मॅरियनबाई स्टॉडर्ट आणि त्यांचा मित्र, दोघांनाही एकच स्वप्न पडते : जुन्या नायकाचे अश्रू पडतात नि पाणी निर्मळ होते. मग सह्या, पत्रे, पुढाऱ्यांपुढे धरलेल्या घाण पाण्याच्या बरण्या. आणि चार पाने उलटतात तोच नदी स्वच्छ! वास्तविक बाई नदीकाठच्या ग्रोटन गावी आल्या १९६२ साली. राज्यात जलशुद्धीचा कायदा झाला १९६६ साली. सांडपाण्याची शुद्धीकरण केंद्रे उभी राहण्यात पुढे आणखी वर्षे गेली. ती दगदग लेखिकेने मुलांपासून का लपवावी?

मागच्या बाकावरून एकाने विचारलेच, “गुरुजी, स्वप्न पडलंच नसतं तर?”

मी त्याला बरण्यांचे पान पुन्हा वाचून दाखविले.