झोप, भाकरी आणि दिलमून

बहरीन म्हणजेच प्राचीन दिलमून, असे बहुतेक संशोधक मानतात. सुमेरी काव्यात प्रलयातून वाचलेल्या झिउसुद्राला देव तेथे अमर करून ठेवतात. गिल्गमेश महाकाव्यात आपल्या नोहाचा हाच भाऊबंद उत्नपिश्तिम म्हणून भेटतो. अमरत्व मागणाऱ्या गिल्गमेशाला तो सहा दिवस, सात रात्री जागायला सांगतो. गिल्गमेश बसल्या जागी झोपतो. उत्नपिश्तिमची बायको रोज एक भाकरी भाजून त्याच्या उशाशी ठेवते. उठल्यावर गिल्गमेशाला वाटते, आपला आत्ताच डोळा लागला. पण पहिली भाकरी पार वाळलेली असते.

झोपेत काळ थांबत नाही, हे कवीने तत्त्वज्ञान न सांगता पटवले आहे. तरी आमच्या मते तालमूदातील होनीची कथा पुढे जाते. सत्तर वर्षे झोपून उठलेल्या होनीला बेथ मिद्राशात कोणी ओळखत नाही. तो मरण मागतो. गिल्गमेशाचे दिवस गेले, होनीची माणसे गेली. उत्नपिश्तिमला अमरपण पेलले, कारण त्याला बायकोची सोबत होती. महाकाव्य मात्र याविषयी गप्प राहते. ही त्याची उणीव आम्हांस जाणवते.

बहरीनमधील दिलमूनकालीन अकरा हजारांहून अधिक थडगी २०१९ साली जागतिक वारसा ठरली. अमरांच्या भूमीतही मेलेल्याला पुरायला कोणीतरी आपले होते.