जरा सरकून घ्या

लोकलच्या सेकंड क्लासमधलं बाकडं रेल्वेने तिघांसाठी बनवलं. त्यावर चौथा बसेल, हे उपनगरांनी रेल्वेला न विचारता ठरवून टाकलं. चौथी सीट म्हणजे जेमतेम अर्धी मांडी टेकेल एवढी कड; उरलेला माणूस पॅसेजमध्ये, एका पायाच्या जोरावर. हा नियम कुठे लिहिलेला नाही, मोडला तर दंडही नाही. तरी अंधेरीला चढलेला कुणी "जरा सरकून घ्या" म्हणतो आणि तीन अनोळखी माणसं सरकतात. तबलजीच्या बोटांकडे पाहावं तसं मी या सरकण्याकडे पाहतो. जितकं जवळून पाहावं तितकी त्यातली कारागिरी दिसत जाते.

आधी मागणीच बघा. मुरलेला प्रवासी ते वाक्यसुद्धा पुरतं बोलत नाही. कडेला बसलेल्याच्या गुडघ्याशी नुसता उभा राहतो, भार या पायावरून त्या पायावर टाकतो, कडीला धरलेला हात बदलतो. बसलेल्याची नजर मोबाइलवर असते, पण डोळ्याच्या कोपऱ्यातून त्याने ते पाय वाचलेले असतात. लंडनमध्ये टानिया सिंगर आणि सहकाऱ्यांनी २००४ साली एक देखणा प्रयोग केला. स्कॅनरमध्ये १६ स्त्रिया, प्रत्येकीच्या शेजारी तिचा जोडीदार. विजेचा बारीक झटका कधी तिच्या हाताला, कधी त्याच्या. कुणाला बसणार ते रंगीत बाणावरून कळायचं. दोन्ही वेळा तिच्या मेंदूतल्या त्याच दोन जागा हलल्या: खोल घडीत दडलेल्या इन्सुलाचा पुढचा भाग आणि मध्यरेषेवरचा सिंग्युलेट. मात्र कळ हाताच्या नेमक्या कुठल्या भागात आली याची नोंद ठेवणारा पट्टा फक्त स्वतःच्या झटक्याला जागा झाला. दुसऱ्याचं दुखणं आपल्यापर्यंत येतं ते असं, पत्ता गाळून. कडेच्या प्रवाशाच्या टाचा ठणकत नाहीत, त्याला पोचतो तो नुसता शीण. आणि तेवढ्या अपुऱ्या निरोपावर तो जागा करून देतो.

पण खरी बहार त्याच्यानंतर आहे. कडेचा सरकणार कुठे, मधला सरकल्याशिवाय? आणि मधला, खिडकीवाला पत्र्याला चिकटल्याशिवाय? म्हणजे पहिली हालचाल खिडकीवाल्याने करायची, आणि त्याने तर उभ्या माणसाचा चेहराही पाहिलेला नसतो. त्याला कळतो तो फक्त शेजारच्या खांद्याचा हलका दाब. दुसऱ्याच्या जागेवरून बघायचं काम मेंदूत कानाच्या वर, जरा मागे, दोन पाळ्यांच्या सांध्यावर जास्त चालतं असं मानतात. खिडकीवाल्याचं तिथलं काम इतकं सरावाचं झालेलं असतं की वारा खाता खाता, मान न वळवता तो दोन इंच देऊन टाकतो. ज्याचे आभार कुणी मानणार नाही, असं दान या बाकड्यावर तोच करतो.

लेडीज डब्यात हीच कला अधिक तयारीची. ५ मे १९९२ रोजी चर्चगेट ते बोरिवली लेडीज स्पेशल सुरू झाली. तिच्या आधीपासून आणि नंतरही बायकांनी डब्यात स्वयंपाकाची अर्धी तयारी उरकलेली आहे. मांडीवर पिशवी घेऊन मटार सोलणारी एखादी पाहा. समोर कुणी उभी राहिली की ती कोपराने पिशवी पोटाशी ओढते, कंबर तिरकी करते, मोकळ्या झालेल्या दोन बोटांनी उभ्या बाईची पर्स "द्या इकडे" म्हणून मांडीवर घेते. मटाराची शेंग या सगळ्यात एकदाही थांबत नाही.

ही न थांबणारी शेंग मला महत्त्वाची वाटते. सिंगर आणि ओल्गा क्लिमेकी यांनी लोकांना हालअपेष्टांच्या चित्रफिती दाखवल्या. दुसऱ्याच्या दुःखात उतरायचा सराव दिला तेव्हा माणसं कासावीस झाली, इन्सुला आणि सिंग्युलेट अधिक जागे झाले. मग मैत्रीभावनेचा सराव दिला तेव्हा त्याच प्रकारच्या फिती पाहूनही मन सावरलं, आणि मेंदूत माया-समाधानाशी जोडलेले वेगळे भाग कामाला लागले. त्याच जातीची साधना बोरिवलीच्या पश्चिमेला, खाडीपलीकडे गोराईच्या पॅगोडात मंगल मैत्री म्हणून चालते. मटारवाली तिथे कधी गेलीही नसेल. पण उभ्या बाईबरोबर ती हळहळत बसत नाही. जागा देते आणि पुढची शेंग उचलते.

हीच बाई सकाळी अंधेरीच्या पुलावर भेटली तर कोपर मारून पुढे जाईल, हेही खरं. प्रिन्स्टनमध्ये धर्मशास्त्राच्या विद्यार्थ्यांची अशीच परीक्षा झाली होती; तिचे निष्कर्ष १९७३ साली छापून आले. वाटेत कण्हत पडलेल्या माणसापाशी, निवांत असलेल्यांपैकी ६३ टक्के थांबले. उशीर झालेल्यांपैकी १० टक्के. बसलेल्या प्रवाशाला निदान चर्चगेटपर्यंत कुठे पळायचं नसतं.

आणि संध्याकाळची विरार फास्ट? तिथे बोरिवलीचा माणूस चढला की डबा एक होऊन त्याच्यावर तुटून पडतो. झुरिकच्या फुटबॉलवेड्यांवरचा २०१० सालचा प्रयोग आठवतो: आपल्या संघाच्या चाहत्याला कळ बसताना इन्सुला जितका हलला, तितकी त्याच्या वाट्याची कळ स्वतः सोसायची तयारी वाढली, विरुद्ध संघवाल्याच्या बाबतीत काहींच्या मेंदूत चक्क बक्षीस मिळाल्याची खूण उमटली, आणि त्यांनी मदत टाळली. विरारकरांची बाजूही खोटी नाही. बोरिवलीला स्वतःच्या गाड्या आहेत, विरारला दुसरा आधार नाही. पण दारातला तो बोरिवलीकर आत लोटला गेला आणि खांद्याची बॅग गळ्याशी आवळायला लागली की बघा. "बोरिवली गाडी पकडायला काय होतं तुम्हाला?" असं ज्याने अंधेरीपासून कान किटेपर्यंत ऐकवलं, तोच गृहस्थ वाक्य न तोडता ती बॅग ओढून रॅकवर टाकतो, आणि पुन्हा पहिल्यापासून भांडायला लागतो.