खलनायकाचा दबका स्वर

माजिवड्यातील एक वयस्क भगिनी निळू फुले यांच्याविषयी मला एकदा म्हणाल्या, "फादर, तो माणूस पडद्यावर आला की माझा हात आपोआप पदर सावरायला जातो." नटाला याहून मोठी पावती ती कोणती? तथापि या पावतीतच त्याच्यावरील अन्यायही दडलेला आहे.

१९३० साली जन्मलेल्या निळूभाऊंनी पुण्याच्या सैनिकी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम केले. राष्ट्र सेवा दलाच्या संस्कारांत आणि लोकनाट्याच्या फडावर त्यांची कला घडली. 'एक गाव बारा भानगडी' (१९६८) या पहिल्या चित्रपटापासून २००९ मधील निधनापर्यंत, चार दशके ते अभिनय करीत राहिले. चित्रपटसृष्टीने मात्र त्यांना पुनःपुन्हा तोच लंपट पाटील आणि तोच कपटी पुढारी दिला.

या साच्यातूनही त्यांनी काय निर्माण केले, हे पाहावयाचे तर 'सामना' पाहावा. विजय तेंडुलकरांनी लिहिलेला व जब्बार पटेलांनी दिग्दर्शित केलेला हा चित्रपट १९७५ साली बर्लिनच्या महोत्सवात स्पर्धेसाठी निवडला गेला होता. त्यातील साखरसम्राट हिंदुराव धोंडे-पाटील आरडाओरडा करीत नाही. घोगऱ्या, दबक्या आवाजात तो आर्जवाने बोलतो, डॉ. श्रीराम लागूंनी साकारलेल्या दारुड्या मास्तराला घरात आश्रय देतो. आपण गावाचे कल्याण केले, अशी त्याची प्रामाणिक समजूत आहे. मारुती कांबळे नाहीसा झाला, ही त्याच्या लेखी त्या कल्याणातली एक किरकोळ बाब! दुष्टपणाला स्वतःची ओळख नसते, हे मर्म निळूभाऊंनी नेमके हेरले होते.

आणि 'सिंहासन'मध्ये (१९७९) हाच नट पत्रकार दिगू टिपणीस होतो. सत्तेचा खेळ निमूटपणे पाहणारा हा साक्षीदार अखेर ते ओझे पेलू शकत नाही. हिंदुराव आणि दिगू एकाच चेहऱ्यात सामावू शकतात, हे त्यांच्या कलेचे सामर्थ्य होय.

धर्मगुरू म्हणून मला एक ठाऊक आहे : आपण खलनायक आहोत असे म्हणत कोणी येत नाही, प्रत्येकाजवळ सबळ कारण असते. म्हणून पडद्यावरील पाटलाला शिव्या देऊन आपण मोकळे होतो, तेव्हा नटाचे श्रम व्यर्थ जातात. पदर सावरावा, अवश्य. परंतु तो दबका, आर्जवी स्वर आपल्या घरात, आपल्या समित्यांत कधी उमटतो का, हेही कान देऊन ऐकावे.