गृहिणीच्या श्रमाचे मोल : मद्रास उच्च न्यायालयाचा २००९ चा निकाल आणि नंतरचे गणित

चेन्नईतील एग्मोर येथे दंडाधिकारी न्यायालये आहेत. बेदरकारपणे वाहन चालवून एखाद्याचा जीव घेतल्याचा खटला अशा न्यायालयात उभा राहतो आणि त्यात चालकाच्या गुन्ह्याचा विचार होतो. वारसांचा भरपाईचा दावा मात्र मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढे वेगळा चालतो. तेथे मृत व्यक्तीचे उत्पन्न विचारले जाते. ती गृहिणी असेल तर दाखवायला पगारपत्रक नसते.

मोटार वाहन कायद्यात १९९४ च्या दुरुस्तीने आलेल्या दुसऱ्या अनुसूचीने यावर सोपे उत्तर दिले होते. न कमावणाऱ्या व्यक्तीचे वार्षिक उत्पन्न १५,००० रुपये धरावे, आणि न कमावणाऱ्या जोडीदाराचे उत्पन्न कमावत्या जोडीदाराच्या एक तृतीयांश. दुसरा नियम विद्यार्थ्यांनी नीट पाहावा. त्याप्रमाणे अधिकाऱ्याच्या पत्नीचा स्वयंपाक शिपायाच्या पत्नीच्या स्वयंपाकापेक्षा कित्येक पट महाग ठरतो. म्हणजे मोजमाप तिच्या श्रमाचे होतच नाही, नवऱ्याच्या पगाराचे होते.

मद्रास उच्च न्यायालयाच्या २००९ च्या निकालाचे महत्त्व येथे आहे. न्यायमूर्ती प्रभा श्रीदेवन यांनी त्यात घरकामाच्या मूल्यमापनाच्या तीन पद्धतींची चर्चा केली. ती बाहेर नोकरी करती तर किती मिळवती, ही पहिली. विवाह ही समान भागीदारी मानून पतीच्या उत्पन्नाचा निम्मा वाटा तिचा, ही दुसरी. तीच कामे पगारी माणसांकडून करून घेतल्यास किती खर्च येईल, ही तिसरी. पहिली पद्धत पदवीला मोल देते, दुसरी पुन्हा पतीच्या पगाराकडेच जाते. कामाकडे थेट पाहते ती फक्त तिसरी, म्हणून मला ती अधिक प्रामाणिक वाटते. पण रात्री आजारी मुलाजवळ जागणाऱ्या आईच्या जागी कोणाला आणि किती तासांच्या दराने नेमायचे, याचे उत्तर तिच्याकडेही नाही.

सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये या निकालाचा आधार घेतला. जनगणनेत गृहिणींना भिकारी आणि कैद्यांच्या वर्गात बसवल्याबद्दल न्यायमूर्ती गांगुली यांनी तेव्हा नापसंती नोंदवली. तरीही २०२० साली अमरावती जिल्ह्यातील एका प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाला तेच पुन्हा सांगावे लागले. न्यायाधिकरणाने फेटाळलेल्या त्या दाव्यात खंडपीठाने ८ लाख २२ हजार रुपये मंजूर केले. जानेवारी २०२१ च्या निकालात न्यायमूर्ती रमणा यांनी २०१९ च्या वेळ-वापर सर्वेक्षणाचा दाखला दिला: घरातल्यांसाठीच्या बिनपगारी कामात स्त्रिया दिवसाला सरासरी २९९ मिनिटे घालवतात, पुरुष ९७. गृहिणीच्या कल्पित उत्पन्नावरही भविष्यातील वाढ धरावी, असे त्याच निकालाने ठरवले.

माझा आक्षेप पुढच्या पायरीवर आहे. समजा, ३२ वर्षांच्या गृहिणीचे कल्पित उत्पन्न महिना ६,००० रुपये धरले आणि तिच्यामागे पती व दोन मुले आहेत. ४० टक्के वाढ धरून ८,४०० होतात. मृताचा स्वतःवरचा खर्च म्हणून एक तृतीयांश वजा केला की उरतात ५,६००. वर्षाचे ६७,२०० आणि १६ चा गुणक लावून १०,७५,२०० रुपये. वजावट केली नसती तर हीच रक्कम १६,१२,८०० झाली असती.

कमावता माणूस पगारातला काही भाग स्वतःवर खर्च करतो, म्हणून त्याच्या बाबतीत वजावट समजते. गृहिणीचे हे ६,००० तर कोणाच्या हाती पडलेच नव्हते, मग त्यातले तिने स्वतःवर खर्च काय केले? घरात चार ताटांची तीन झाली म्हणून स्वयंपाकाच्या बाई आपला पगार एक तृतीयांशाने कमी करत नाहीत. समर्थन बदली-खर्चाचे आणि आकडेमोड पगारदाराची, अशी ही सरमिसळ आहे. तिचा खाण्या-कपड्याचा खर्च वाचला, असे विमा कंपनी म्हणू शकेल. तो मुद्दा खरा आहे, पण मग त्या खर्चाचा पुरावा द्यावा. ठरावीक अपूर्णांक कशासाठी?

फेब्रुवारी २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आणखी एक रेघ आखली: गृहिणीचे उत्पन्न रोजंदारी मजुराच्या किमान वेतनापेक्षा कमी धरता येणार नाही. ही मर्यादा खालची आहे, वरची नव्हे. पण ज्या दाव्यात वकील गृहिणीच्या दिवसभराच्या कामांची यादी, तास आणि त्या भागातले घरकामाचे दर नोंदीवर आणत नाही, तेथे न्यायाधिकरणापुढे दुसरा आकडाच नसतो.